गारव्याचा जमाखर्च



या व्यासपीठावरून आपण संतवाङ्मय ऐकता, इतिहास ऐकता, राजकारणावरची खडाजंगीही ऐकता. त्या पंक्तीत भिंतीवर टांगलेल्या एका यंत्राने येऊन बसावे हे काहींना विचित्र वाटण्याचा संभव आहे. तथापि वैशाखातल्या संध्याकाळी, उघड्या पटांगणात, कार्यक्रमपत्रिकेने वारा घेत बसलेल्या श्रोत्यांपुढे वातानुकूलनाविषयी बोलावयाचे नाही, तर कोणापुढे बोलावयाचे? ज्याला सगळे लोक सरळ 'एसी' म्हणतात, त्या यंत्राविषयी मी आज बोलणार आहे. त्याला खर्च किती येतो, ते वीज किती घेते, ते कोणाच्या घरी आले आणि कोणाच्या घरी येत नाही, एवढाच माझा विषय. मी आपणांस एसी घ्या असेही सांगणार नाही आणि घेऊ नका असेही सांगणार नाही. हिशेब मात्र पुरा मांडावा अशी इच्छा आहे, कारण दुकानात जो मांडला जातो तो अर्धा असतो.

प्रथम हे यंत्र करते काय ते पाहू. ते थंडी तयार करीत नाही. थंडी नावाची वस्तू सृष्टीत नाहीच. उष्णता आहे, आणि ती कोठे अधिक असते, कोठे कमी. विहिरीवरची मोट पाणी निर्माण करीत नाही, खालचे पाणी वर आणून ओतते. तसे हे यंत्र खोलीतली उष्णता उचलून बाहेर नेऊन ओतते. पाणी आपणहून वर चढत नाही, म्हणून बैल लागतात. उष्णताही आपणहून गार जागेतून तापलेल्या जागेकडे जात नाही, म्हणून वीज लागते. तांब्याच्या नळीतून एक पदार्थ सतत फिरत असतो. खोलीच्या बाजूला त्याची वाफ होते, आणि हातावर स्पिरिट लावले म्हणजे ते उडून जाताना जशी त्वचेतली उष्णता घेऊन जाते, तशी तो खोलीतली उष्णता घेतो. मग बाहेरच्या डब्यातला कॉम्प्रेसर ती वाफ दाबतो. दाबामुळे ती बाहेरच्या हवेपेक्षाही तापते, आपली उष्णता गल्लीत टाकते आणि पुन्हा द्रवरूप होऊन आत येते. बैलांनी लावलेला जोर, म्हणजे यंत्राने खाल्लेली वीज, तीही शेवटी उष्णता होऊन बाहेरच पडते. तेव्हा खोलीतून काढलेली उष्णता आणि तिच्या जोडीला विजेची उष्णता, अशी दोन्ही मिळून गल्लीच्या पदरात पडतात. अमेरिकेतील अॅरिझोना राज्यात फीनिक्स नावाचे वाळवंटी शहर आहे. तेथे घरोघरीच्या एसींनी बाहेर टाकलेल्या उष्णतेमुळे रात्रीची हवा एक अंशाहूनही अधिक तापू शकते, असे २०१४ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात दाखविले आहे. एक अंश ऐकावयास थोडा वाटतो. पण तो रात्रीचा अंश आहे, आणि ज्याच्याकडे एसी नाही त्याला तो उघड्या खिडकीतून मिळतो.

दुकानदार 'दीड टनाचा घ्या' म्हणतो, तेव्हा पुष्कळांना ते यंत्राचे वजन वाटते. वास्तविक हा बर्फाचा टन आहे. एक टन बर्फ वितळताना चोवीस तासांत जितकी उष्णता शोषील, तितकी उष्णता तेवढ्याच वेळात बाहेर काढणारे यंत्र ते एक टनाचे. हा टनही अमेरिकी, सुमारे ९०७ किलोंचा. या एका शब्दात या धंद्याचे गोत्र उतरले आहे. यंत्रे येण्यापूर्वी गारवा विकला जाई तो बर्फाच्या रूपाने. फ्रेडरिक ट्यूडर नावाच्या बोस्टनच्या व्यापाऱ्याने १८३३ साली तेथील तळ्यांवर गोठलेला सुमारे १८० टन बर्फ भुसा भरून गलबतावर चढविला आणि कलकत्त्यास पाठविला. चार महिन्यांच्या प्रवासानंतर त्यातला शंभर टन शिल्लक होता, आणि तेवढ्यावर धंदा झाला. पुढे मुंबई आणि मद्रास येथेही या बर्फासाठी कोठारे उभी राहिली. तो कोणाच्या पेल्यात पडत असे हे सांगावयास नको.

आणि ज्याला आज आपण वातानुकूलन म्हणतो, ते तर मुळात माणसासाठी निघालेच नाही. १९०२ साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागातील एका छापखान्यात दमट हवेने कागद फुगे, आखडे आणि रंगीत छपाईचे ठसे एकावर एक नीट बसत नसत. विलिस कॅरियर या पंचविशीतल्या इंजिनियराने हवेतला ओलावा ताब्यात ठेवण्याची योजना आखली, ती कागदाच्या सोयीसाठी. 'एअर कंडिशनिंग' हा शब्द १९०६ साली स्टुअर्ट क्रेमर याने वापरात आणला, तो सूतगिरणीच्या संदर्भात. कारण कोरड्या हवेत सूत तुटते. छापखान्यात आणि गिरणीत राबणाऱ्या माणसाला गारवा लागला असेल तर तो कागदाच्या आणि सुताच्या पुण्याईने. माणसासाठी म्हणून गारवा आला तो तिकिटाबरोबर. १९२५ साली न्यूयॉर्कचे रिव्होली चित्रपटगृह थंड झाले, आणि १९३३ साली आपल्या मुंबईत कुलाब्याला रीगल चित्रपटगृह उघडले ते वातानुकूलित होते. म्हणून आपल्याकडे 'एसी' हा शब्द यंत्राचा न राहता दर्जाचा झाला. एसीचा डबा, एसी हॉल, साहेबांची एसी केबिन. उपाहारगृहात एसीची खोली वेगळी असते, आणि त्याच डोशाला तेथे चार पैसे जास्त पडतात. घरात एसी बसला की शेजारी पेढे मागतात. पंखा बसला म्हणून कोणी पेढे मागितल्याचे ऐकिवात नाही.

आता प्रसार पाहा. अमेरिकेत १९६० च्या जनगणनेत शंभरांतील बाराएक घरांत एसी होता. आज नव्वदांच्या आसपास आहे. आपल्याकडे केंद्र सरकारने २०१९ साली शीतनाचा एक राष्ट्रीय आराखडा प्रसिद्ध केला. त्यात शंभर घरांपैकी सुमारे आठ घरांत एसी असल्याचे नमूद आहे, आणि २०३७-३८ पर्यंत हा आकडा चाळिसावर जाईल असा अंदाज दिला आहे. आठावरून चाळीस! आज देशात वर्षाला एक कोटीहून अधिक नवे एसी विकले जातात. २२ सप्टेंबर २०२५ पासून त्यांच्यावरचा जीएसटी २८ टक्क्यांवरून १८ वर आला, म्हणजे पाऊल आणखी लवकर पडणार. मासिक हप्ते तर आहेतच.

यावर कोणी म्हणेल की लोक ऐषारामी झाले, आमचे वाडवडील काय एसीत राहत होते? मला हा युक्तिवाद अप्रामाणिक वाटतो. वाडवडील ज्या घरात राहत होते ते घर आपण पाडले. पांढऱ्या मातीच्या हात-दीड हात जाड भिंती, वर माळा, मधोमध चौक, पुढे पडवी. दुपारचे ऊन भिंतीतून आत पोहोचेपर्यंत संध्याकाळ होत असे, आणि तोवर माणसे बाहेर ओट्यावर आलेली असत. त्या वाड्यात अंधार होता, ढेकूण होते, एका नळावर दहा बिऱ्हाडे होती. मला त्याचे स्तोत्र गावयाचे नाही. पण उष्णतेशी त्याने तडजोड केली होती. आज आपण सहा इंचांची भिंत, पश्चिमेला मोठी काच आणि डोक्यावर उघडा सिमेंटचा स्लॅब घेतो. शेवटच्या मजल्यावरचा स्लॅब दिवसभर ऊन पितो आणि रात्री दहा वाजता पलंगावर ओततो. त्या खोलीत एसी ही चैन राहत नाही. घराच्या आराखड्यात जी चूक राहून गेली, तिचा तो मासिक दंड असतो. अमेरिकेतही असेच घडले. एसी स्वस्त झाला तशा घरांच्या ओसऱ्या गेल्या, छते बुटकी झाली, आणि मग त्या घरांत एसीवाचून राहणे अशक्य झाले. म्हणजे आधी यंत्र घराला शोधीत येते आणि नंतर घर यंत्रासाठीच बांधले जाते.

आता पैशांकडे येऊ. दीड टनाचा एक बरा एसी चाळीस हजारांच्या आसपास येतो असे धरा. आतल्या खोलीला उष्णता बेताची असेल तर तो सरासरी तासाला एक युनिट वीज घेईल. रात्रीचे आठ तास, आणि चैत्रापासून मृगापर्यंत शंभर रात्री. झाली आठशे युनिटे. एरवी महिन्याला दीडशे युनिटे वापरणारे कुटुंब मे महिन्यात जवळजवळ चारशेवर जाते. आपल्या राज्यात घरगुती विजेचा दर पायऱ्यापायऱ्यांनी चढतो. पहिल्या शंभर युनिटांना जो दर, त्याच्या जवळजवळ दुप्पट पुढच्या दोनशेंना, आणि तीनशेच्या पुढे त्याहूनही चढा. एसीची युनिटे नेहमी वरच्या पायऱ्यांवर बसतात. कर वगैरे धरून त्यांना सरासरी बारा रुपये लावा, म्हणजे हंगामाचे नऊ हजार सहाशे. दहा वर्षांत शहाण्णव हजार. दुकानात दिलेले चाळीस हजार हा नुसता विसार होता, असे म्हणावयास हरकत नाही.

म्हणूनच यंत्रावरच्या चिठ्ठीवरील तारे मोजावे. ही चिठ्ठी खोलीच्या एसींना २०१० पासून सक्तीची आहे. समजा, अधिक ताऱ्यांचे यंत्र आठ-दहा हजारांनी महाग आहे आणि पाव हिस्सा वीज कमी घेते. तर आमच्या हिशेबाने वर्षाला चोवीसशे रुपये वाचतील आणि चार वर्षांत फरक भरून येईल. ज्याच्या घरी एसी वर्षातून तीस-चाळीस रात्रीच लागतो, त्याला मात्र हा फरक लवकर सुटत नाही. त्याने उगाच ताऱ्यांचा अभिमान बाळगू नये. ज्याच्या घरी तो मार्च ते जून आणि पुन्हा ऑक्टोबरात चालतो, त्याने स्वस्त यंत्र घेणे म्हणजे बारा महिने सावकाराला व्याज भरणे होय.

इथपर्यंतचा हिशेब गृहिणीला पाठ असतो. पुढचा कोणाच्याच बिलात स्वतंत्र दिसत नाही. वीज साठवून ठेवणे अजून महाग आहे. ज्या क्षणी आपण बटन दाबतो त्या क्षणी ती कोठेतरी निर्माण व्हावी लागते. म्हणून वीजकेंद्रे सरासरी मागणीवर बांधून चालत नाहीत. वर्षातल्या सर्वांत तापलेल्या घटकेला जी मागणी येते तिच्यासाठी बांधावी लागतात. ३० मे २०२४ रोजी देशाची मागणी अडीच लाख मेगावॅटवर गेली, तोपर्यंतचा तो उच्चांक होता. आता, कोळशाचे नवे केंद्र उभारावयाचे तर एका मेगावॅटला आठ कोटी किंवा त्याहून अधिक खर्च येतो. म्हणजे एका किलोवॅटला ऐंशी हजार. आपला एसी एक किलोवॅट घेतो. सगळे एसी एकाच वेळी चालत नाहीत, म्हणून निम्मेच धरा. तरी दर एसीमागे चाळीस हजार रुपये झाले. तारा, उपकेंद्रे, रस्त्यावरची डीपी यांचा खर्च वेगळा. आपण दुकानातून चाळीस हजारांचे एक यंत्र घरी आणतो, त्याच दिवशी समाज आपल्यासाठी तेवढ्याच किमतीचे दुसरे एक यंत्र उभे करण्याच्या कर्जात सापडतो. ते दुसरे यंत्र वर्षातले थोडेच तास पुरे चालते, उरलेला काळ अर्धपोटी बसून असते. व्याज मात्र बारा महिने चढते.

हे पैसे अखेर दरांतून वसूल होतात. जास्त युनिटे वापरणारा जास्त दर भरतो हे खरे, आणि ते न्याय्यही आहे. पण तो दर युनिटांवर आहे, घटकेवर नाही. हिवाळ्यात पाण्याच्या गिझरने ओलांडलेली पायरी आणि मे महिन्यात रात्री अकराला सर्वांच्याच एसीने एकदम ओलांडलेली पायरी बहुतेक घरांच्या बिलात सारखीच दिसते. आणि भार न सोसून गल्लीची डीपी उडाली, की अंधार होतो तो सगळ्या गल्लीत. ज्याच्याकडे नुसता पंखा होता त्याचाही पंखा थांबतो.

येथे मला चंद्रपूरची आठवण करून द्यावीशी वाटते. तेथील औष्णिक केंद्राची क्षमता २,९२० मेगावॅट आहे. महाराष्ट्रातील घराघरांत जी वीज येते तिचा मोठा वाटा विदर्भातल्या कोळशावर निघतो. आणि चंद्रपूर हेच देशातल्या अत्यंत तापणाऱ्या शहरांपैकी एक. उन्हाळ्यात पारा ४६-४७ अंशांपर्यंत चढतो. जेथे वीज तयार होते तेथे राख उडते, कोळशाची धूळ उडते, आणि पत्र्याच्या छपराखाली माणसे त्या उन्हात दिवस काढतात. ती वीज तारांवरून सात-आठशे किलोमीटर येऊन ज्या शहरांत पारा छत्तिसावरच असतो तेथील शयनगृहे थंड करते. मघाशी मी म्हटले की यंत्र उष्णता नाहीशी करीत नाही, हलविते. ती गल्लीत हलविते एवढेच आपण पाहिले होते. चंद्रपूरपर्यंतचे अंतर त्यात धरले नव्हते.

सौर वीज आहे ना, असे आपण विचाराल. आहे. जानेवारी २०२५ मध्ये देशाची सौर क्षमता एक लाख मेगावॅटवर गेली, ही सामान्य गोष्ट नव्हे. कचेऱ्या, दुकाने, दवाखाने यांचा दुपारचा एसी सूर्याने चालवावा यासारखा गोड योग नाही. ज्या उन्हाने तापविले त्यानेच गार करावे. परंतु घरचा एसी रात्री जेवणे झाल्यावर सुरू होतो, तेव्हा सूर्य मावळलेला असतो. ती वीज आजही मुख्यत: कोळशाचीच.

मग एसीला शत्रू मानावे काय? तसे म्हणणाराने अहमदाबादची गोष्ट ऐकावी. २०१० च्या मे महिन्यात तेथे उष्णतेची लाट आली आणि त्या महिन्यात नेहमीपेक्षा १,३४४ मृत्यू अधिक नोंदले गेले. एका शहरात, एका महिन्यात. १९९५ च्या जुलैत अमेरिकेतील शिकागो शहरात काही दिवसांत सातशेच्या वर माणसे गेली. त्यांत एकटी राहणारी, म्हातारी आणि ज्यांच्या घरी चालू एसी नव्हता अशी माणसे अधिक होती. अमेरिकेतील मृत्यूंच्या नोंदी तपासून काही अर्थशास्त्रज्ञांनी २०१६ साली दाखवून दिले की, अतिशय तापलेल्या दिवसांमुळे होणारे मृत्यू १९६० नंतर सुमारे तीनचतुर्थांशांनी घटले, आणि त्याचे मुख्य कारण घरोघरी आलेले एसी. तेव्हा हे यंत्र जीव वाचविते याविषयी शंका नको. माझी तक्रार वेगळी आहे. ज्याचा जीव वाचावयाचा, त्याच्या घरी ते शेवटी पोहोचते. गवंडी, हमाल, हातगाडीवाला, भट्टीपुढचा कामगार, पत्र्याच्या खोलीतली बाळंतीण. यांच्या दारात यंत्राचा मागमूस नाही, आणि ज्या सभागृहात ते भरभरून आहे तेथे बायका शाली घेऊन येतात.

आणि एसी बसविणारा मुलगा? आठव्या मजल्याच्या अरुंद छज्ज्यावर, पुष्कळदा दोरही न बांधता, तो बाहेरचा डबा भिंतीला ठोकीत असतो. त्याच्या जोखमीचा आकडा कोणत्याही पावतीवर मी पाहिला नाही.

आपल्या राज्यापुरते एक वेगळे उत्तर फार जुने आहे, आणि त्यावर थोडे सविस्तर बोलणे भाग आहे. नागपूर-अकोल्याकडे उन्हाळा आला की कूलर बाहेर निघतात, त्यांच्या ताट्या बदलल्या जातात, वाळ्याचा वास येतो. कूलर उष्णता बाहेर नेत नाही. पाण्याची वाफ करण्यात तो ती खर्ची घालतो, आपला माठ करतो तेच. त्याला दोनशे वॅट वीज पुरते, म्हणजे एसीच्या पाचव्या हिश्शाइतकी. मग तो मुंबईत का चालत नाही? हवा किती कोरडी आहे यावर सारे अवलंबून आहे. तापमापकाच्या फुग्याला ओले फडके गुंडाळले तर वाफ होऊन पारा खाली उतरतो. कूलर हवेला त्याच्याहून खाली नेऊ शकत नाही. नागपूरला पारा ४२ आणि आर्द्रता वीस टक्के असेल, तर ओल्या फडक्याचा पारा तेवीस-चोविसावर येतो. कूलरची हवा त्याच्या जवळपास जाते आणि माणसाला झोप लागते. मुंबईला पारा ३४ आणि आर्द्रता सत्तर असेल, तर तोच ओला पारा २९ च्या खाली उतरत नाही. तेथे कूलर लावला तर माणूस ओलाचिंब मात्र होतो. म्हणून कोकणच्या किनाऱ्याला एसीची निकड देशावरच्यापेक्षा खरी आहे, मग पारा कमी का दिसेना. उलट पुण्या-नाशकाच्या कोरड्या एप्रिलात कूलर पुष्कळ वेळा पुरेसा असतो आणि आपण एसी घेतो, ते शेजाऱ्याने घेतला म्हणून. कूलर दिवसाला कित्येक बादल्या पाणी पितो, हीही गोष्ट नोंदली पाहिजे. जेथे टँकरची वाट पाहावी लागते तेथे वीज वाचवून पाणी खर्च करणे हा काही फुकटचा सौदा नव्हे.

नळीतल्या वायूविषयी थोडक्यात सांगतो. आरंभी वापरलेल्या वायूंपैकी काही विषारी, काही ज्वालाग्राही होते. १९२८ नंतर टॉमस मिजली याच्या संशोधनातून जे सुरक्षित वायू निघाले, त्यांनी आकाशातल्या ओझोनच्या थराला भगदाड पाडले. १९८७ च्या माँट्रियल करारान्वये जगाने ते हळूहळू बंद केले. त्यांच्या जागी आलेले वायू ओझोनला धक्का लावीत नाहीत, पण उष्णता कोंडून ठेवतात. आज आपल्या बहुतेक नव्या एसींत असलेला आर-३२ हा वायू वजनास वजन कार्बन डायऑक्साइडच्या सुमारे पावणेसातशे पट उष्णता कोंडतो. तेही कमी करीत नेण्याचे १९१६ नव्हे, २०१६ च्या किगाली करारात ठरले आहे आणि भारताने २०२१ साली त्यास मान्यता दिली. गोदरेज कंपनी २०१२ पासून प्रोपेनवर चालणारी यंत्रे विकीत आली आहे, त्यांत हा दोष जवळजवळ नाही. प्रोपेन पेटतो म्हणून बसविणारा मात्र शिकलेला हवा. आपल्या हाती एवढेच आहे की, दुरुस्तीच्या वेळी मेकॅनिक जुना गॅस गच्चीवर फुस्सकन सोडून देऊ लागला तर त्याला थांबवावे आणि गळती कोठे आहे ते आधी शोधावयास लावावे. गळकी नळी तशीच ठेवून दरवर्षी गॅस भरणे हा खिशालाही खड्डा आहे.

आता उपायांकडे वळतो. पहिला उपाय बटनाचा. १ जानेवारी २०२० पासून तारांकित एसी कारखान्यातूनच २४ अंशांवर लावलेला येतो. सुरू केला की तेथे सुरू होतो. सरकारच्या ऊर्जा कार्यक्षमता विभागाचे म्हणणे असे की, एक अंश वर चढविला की सुमारे सहा टक्के वीज वाचते. वीसऐवजी सव्विसावर ठेवला तर सुमारे तिसरा हिस्सा वाचेल. २०२५ च्या जूनमध्ये केंद्रीय ऊर्जामंत्र्यांनी एसी २० च्या खाली जाऊच नये असे बंधन घालण्याचा मनोदय बोलून दाखविला, तेव्हा वर्तमानपत्रांत पुष्कळ थट्टा झाली. मला त्यात थट्टेसारखे काही दिसले नाही. सव्वीस अंश आणि वर मंद पंखा यांत अंगाला तेवढेच सुख मिळते, कारण वारा अंगावरचा घाम उडवितो आणि दोन-तीन अंशांचे काम करतो. जुना पंखा पंचाहत्तर वॅट घेतो, नव्या धर्तीचा तीस-पस्तीस. अहमदाबादच्या सेप्ट विद्यापीठातील मंडळींनी देशातल्या कचेऱ्यांत पाहणी करून २०१४ साली हेच सांगितले की, परदेशी प्रमाणे ज्या पाऱ्याला सुखकारक म्हणतात, त्याहून वरच्या पाऱ्यालाही आपले लोक सुखाने काम करतात. कोट-टाय घातलेल्या साहेबासाठी ठरलेला पारा सदऱ्यातल्या कारकुनावर लादण्याचे कारण नाही.

दुसरा उपाय छपराचा, आणि माझ्या मते तो पहिल्याहून मोलाचा. छपराला पांढरा चुना किंवा ऊन परतविणारा रंग दिला तर खालची खोली दोन-चार अंश उतरते. तेलंगण सरकारने २०२३ साली यासाठी स्वतंत्र धोरणच जाहीर केले. आपल्या नगरपालिका बांधकामाच्या नकाशावर सही करताना जिना किती रुंद, गाड्या कोठे लावणार हे विचारतात. पश्चिमेच्या काचेवर छज्जा आहे काय, गच्चीवर पांढरे आवरण आहे काय, हे विचारावयास त्यांना कोणी मना केलेले नाही. घरांसाठी केंद्राची इको निवास संहिता २०१८ पासून तयार आहे. या सभेत नगरसेवक बसले असतील तर त्यांनी ती एकदा चाळावी, कठीण नाही.

तिसरे, सार्वजनिक पैशाने गारवा द्यावयाचा असेल तर क्रम ठरवावा. सभापतींच्या दालनाआधी प्राथमिक आरोग्य केंद्रातील प्रसूतीची खोली, अंगणवाडी, बसस्थानकातील विसाव्याची जागा. आणि तेथेही पहिली पायरी यंत्राचीच असते असे नाही. अहमदाबादच्या त्या २०१० च्या लाटेत शारदाबेन रुग्णालयात नवजात बालकांचा कक्ष इमारतीच्या सर्वांत वरच्या मजल्यावर होता, तापलेल्या छपराखाली. उष्णतेने आजारी पडून बाळे दाखल होऊ लागली, तेव्हा डॉक्टरांच्या ध्यानात आले आणि कक्ष खालच्या मजल्यावर हलविला गेला. त्यानंतर अशा बाळांची संख्या उतरली. पुढे २०१३ साली त्या शहराने उष्णतेपासून बचावाची जी योजना आखली, तिच्यात पाणी, सावली, आगाऊ इशारा, दवाखान्यांची तयारी अशी कलमे होती. पुढे देशातल्या पुष्कळ शहरांनी ती उचलली. आपल्या जिल्हा रुग्णालयात बाळंतिणींचा वॉर्ड कोणत्या मजल्यावर आहे, एवढे उद्या सकाळी कोणी जाऊन पाहून आले, तर मला पत्राने अवश्य कळवावे. आता प्रश्न असतील ते विचारा, अध्यक्षमहाराजांची परवानगी आहे.